कांदा निर्यातबंदी: फायदा कोणाला, तोटा कोणाला? ‘देशहिताचा’ हिशोब कसा तपासावा



कांद्याबाबत सरकारचा निर्णय आला की दोन वाक्ये हमखास ऐकू येतात. एक, ‘ग्राहकांच्या हितासाठी हा निर्णय घेतला.’ दुसरे, ‘शेतकऱ्याचा बळी दिला.’ दोन्हींत तथ्य असते, पण त्यावरून निर्णय एकूण फायद्याचा होता की तोट्याचा, हे कळत नाही. त्यासाठी हिशोब मांडावा लागतो. अर्थशास्त्रात असा हिशोब मांडण्याची एक स्वतंत्र शाखा आहे. तिला कल्याणाचे अर्थशास्त्र म्हणतात. एखाद्या धोरणाने समाजाचे एकूण भले झाले की नाही, आणि ते ठरवायचे कसे, हा तिचा विषय.

नाव जड असले तरी आकडेमोड बाजार समितीच्या हिशोब पट्टीइतकीच सोपी आहे. या लेखात आपण डिसेंबर २०२३ ची निर्यातबंदी घेऊन ती समजून घेऊ. पुढच्या वेळी कोणताही निर्णय आला, कांद्याचा असो वा तूर, कापूस, सोयाबीनचा, तर हाच हिशोब तुम्हाला स्वतः लावता येईल.

आधी घटनाक्रम

• फेब्रुवारी-मार्च २०२३: लाल आणि रांगड्या कांद्याचे भाव कोसळले. राज्य सरकारने क्विंटलमागे ३५० रुपये, जास्तीत जास्त २०० क्विंटलपर्यंत अनुदान जाहीर केले.
• १९ ऑगस्ट २०२३: केंद्राने निर्यातीवर ४० टक्के शुल्क लावले. नाशिक जिल्ह्यात लिलाव बंद पडले. त्यानंतर केंद्राने २,४१० रुपये क्विंटल दराने आणखी २ लाख टन खरेदीची घोषणा केली. ग्राहकांसाठी २५ रुपये किलोने सरकारी विक्रीही सुरू झाली.
• ऑक्टोबर २०२३ अखेर: टनाला ८०० डॉलर किमान निर्यात मूल्य.
• ८ डिसेंबर २०२३: निर्यातीवर पूर्ण बंदी, ३१ मार्च २०२४ पर्यंत. मार्चमध्ये ती पुढील आदेशापर्यंत वाढवली.
• ४ मे २०२४: बंदी उठली, पण ५५० डॉलर किमान निर्यात मूल्य आणि ४० टक्के शुल्क लागू.
• सप्टेंबर २०२४: किमान मूल्य काढले, शुल्क २० टक्क्यांवर आणले.
• १ एप्रिल २०२५: उरलेले शुल्कही रद्द.

म्हणजे सुमारे वीस महिने कांद्याची निर्यात या ना त्या बंधनात होती.

निर्यात थोडी, मग भाव इतका का पडतो?

२०२२-२३ मध्ये देशात सुमारे ३०० लाख टन कांदा पिकला आणि त्यातला सुमारे २५ लाख टन परदेशात गेला. म्हणजे शंभरातले आठ-नऊ क्विंटल. मग एवढी निर्यात थांबल्याने सगळ्याच कांद्याचा भाव कसा पडतो?

कारण कांदा स्वस्त झाला म्हणून कोणी दुप्पट खात नाही. भाव तीस टक्के उतरला तरी खप दहा-बारा टक्केच वाढेल. त्यामुळे बाहेर जाणारा थोडा माल देशातच खपवायचा, तर भाव बराच खाली यावा लागतो. आणि भाव उतरतो तो फक्त निर्यातीच्या मालाचा नाही. गोल्टीपासून एक नंबरपर्यंत सगळ्याच कांद्याचा उतरतो. आठ-नऊ क्विंटलच्या बंदीची किंमत शंभर क्विंटल मोजतात, ती अशी.

शंभर क्विंटलचा हिशोब

आता एक नमुना घेऊ. यातले आकडे समजण्यासाठी धरलेले आहेत, प्रत्यक्ष बाजारभाव नाहीत.

समजा, देशात मिळून १०० क्विंटल कांदा आहे. निर्यात खुली असताना भाव २,००० रुपये आहे. ९० क्विंटल देशात खपतो, १० क्विंटल बाहेर जातो. बंदी आली. सगळा १०० क्विंटल देशातच खपवायचा म्हणून भाव १,४०० रुपयांवर आला.

शेतकऱ्याचा तोटा: १०० क्विंटलवर ६०० रुपयांप्रमाणे ६०,००० रुपये.

ग्राहकाचा फायदा: आधीपासून घेत असलेल्या ९० क्विंटलवर ६०० रुपयांप्रमाणे ५४,००० रुपये. शिवाय स्वस्ताईमुळे १० क्विंटल जास्त घेतला. यातला पहिला किलो त्याला जवळपास २,००० रुपये क्विंटलच्या मोलाचा वाटतो, शेवटचा जेमतेम १,४०० च्या. म्हणून तिथे सरासरी ३०० रुपयांचा फायदा धरायचा, म्हणजे ३,००० रुपये. एकूण ५७,००० रुपये. यालाच पाठ्यपुस्तकात उपभोक्त्याच्या संतोषाधिक्यातली वाढ म्हणतात.

दोन्हींतला फरक: ३,००० रुपये. हा पैसा कोणाच्याच खिशात गेला नाही. परदेशातला खरेदीदार ज्या दहा क्विंटलला २,००० रुपये द्यायला तयार होता, तो माल आपण त्याहून कमी मोल देणाऱ्याला विकला. हे देशाचे निखळ नुकसान.

आता नीट पाहा. देशाचे निखळ नुकसान ३,००० रुपये, आणि शेतकऱ्याच्या खिशातून ग्राहकाकडे गेलेली रक्कम ५७,००० रुपये. दिल्लीत बसून फक्त ‘कार्यक्षमता’ पाहणारा म्हणेल, नुकसान किरकोळ आहे. चाळीसमोर उभा असलेला म्हणेल, माझे साठ हजार गेले. दोघांचेही आकडे बरोबर आहेत. दोघे वेगवेगळ्या कसोट्या लावत आहेत, म्हणून वाद मिटत नाही.

कसोटी पहिली: कोणाचेही नुकसान नको

इटालियन अर्थतज्ज्ञ विल्फ्रेडो पॅरेटो यांच्या नावाने ओळखली जाणारी कसोटी सर्वांत कडक आहे. कोणाचेही नुकसान न होता निदान एकाचे भले झाले, तरच बदल चांगला. या कसोटीवर निर्यातबंदी सरळ नापास होते.

पण लगेच खूश होऊ नका. बंदी उठवणेही याच कसोटीवर नापास होते, कारण भाव चढला की ग्राहकाचे नुकसान होते. म्हणजे आज जे आहे तेच चालू ठेवा, असा या कसोटीचा कल. अमर्त्य सेन यांनी तिची आणखी एक उणीव दाखवली. काही लोक उपाशी आणि काही चैनीत, अशी स्थितीही या कसोटीवर ‘उत्तम’ ठरू शकते, कारण चैनीतल्यांचे काहीही न घेता उपाशी माणसाला देता येत नसेल, तर कसोटीच्या लेखी सुधारणेला जागाच उरत नाही. प्रत्यक्ष धोरण ठरवायला ती अपुरी पडते.

कसोटी दुसरी: भरपाई देता आली असती का?

ही अडचण सोडवायला १९३९ मध्ये निकोलस काल्डोर आणि जॉन हिक्स यांनी दुसरी वाट सुचवली. ज्यांचा फायदा झाला, ते नुकसान झालेल्यांची पूर्ण भरपाई करूनही फायद्यात राहू शकत असतील, तर बदल कार्यक्षम मानावा.

काल्डोर यांच्यासमोर उदाहरणही शेतमालाचेच होते. इंग्लंडमध्ये परदेशी धान्याच्या आयातीवर बंधने घालणारे कायदे होते. ते १८४६ मध्ये रद्द झाले. कामगाराची भाकरी स्वस्त झाली, जमीनदारांचे उत्पन्न घटण्याची वेळ आली. काल्डोर यांचे म्हणणे असे, की झालेल्या फायद्यातून जमीनदारांची भरपाई करणे शक्य होते, म्हणून निर्णय कार्यक्षम. भरपाई द्यायची की नाही, हा मात्र राजकारणाचा प्रश्न.

आपल्या नमुन्यावर ही कसोटी लावू. ग्राहकांनी मिळवलेले सगळे ५७,००० रुपये शेतकऱ्याला परत दिले तरी ३,००० कमी पडतात. म्हणून निर्यातबंदी या सैल कसोटीवरही नापास. बंदी उठवणे मात्र पास होते. शेतकऱ्याला मिळणाऱ्या ६०,००० मधून ग्राहकाची ५७,००० ची भरपाई करून ३,००० उरतात.

या कसोटीतली मेख ‘देता आली असती’ या शब्दांत आहे. प्रत्यक्ष दिली पाहिजे, असे ती म्हणत नाही. शेतकऱ्याला हे वेगळे सांगायला नको. कागदावर मिळू शकणारी भरपाई आणि खात्यात जमा झालेली भरपाई यांत फार अंतर असते. डिसेंबर २०२३ च्या बंदीच्या आदेशात भाव पडल्यास क्विंटलमागे भरपाई देण्याची कोणतीही तरतूद नव्हती. म्हणून कोणी ‘देशाचा एकूण फायदा’ असे म्हटले, की पुढचा प्रश्न विचारा: भरपाई कोणाला, किती आणि कोणत्या तारखेला?

कसोटी तिसरी: एक रुपया सगळ्यांसाठी सारखा नसतो

आतापर्यंतच्या हिशोबात आपण शेतकऱ्याचा रुपया आणि ग्राहकाचा रुपया सारखाच मोजला. पण गरिबाच्या हातातल्या रुपयाचे मोल श्रीमंताच्या रुपयापेक्षा जास्त असते. सरकारचा युक्तिवादही नेमका हाच असतो: ग्राहकांत गरीब फार, म्हणून त्यांच्या फायद्याला वजन जास्त.

युक्तिवाद खोटा नाही. हातावर पोट असलेल्या कुटुंबाला महाग कांदा झोंबतोच. भूमिहीन मजूर आणि कांदा न पिकवणारा कोरडवाहू शेतकरी हेही ग्राहकच आहेत. पण वजन लावायचे तर दोन्ही पारड्यांत लावले पाहिजे. २०१९ च्या सरकारी पाहणीनुसार देशातल्या शेतकरी कुटुंबाचे सरासरी मासिक उत्पन्न १०,२१८ रुपये होते. त्यातले पिकांचे निव्वळ उत्पन्न ३,७९८ रुपये. २०२२-२३ च्या पाहणीत शहरातल्या एका माणसाचा सरासरी मासिक खर्च ६,४५९ रुपये निघाला. चार माणसांच्या घराचा सुमारे २५,८०० रुपये. वर्षे वेगळी आहेत आणि एकीकडे उत्पन्न, दुसरीकडे खर्च आहे, तरी कल स्पष्ट दिसतो. स्वस्त कांद्याचा फायदा फक्त गरिबाला होत नाही. तो मध्यमवर्गाला आणि हॉटेलवाल्यालाही होतो. उलट तोटा पेलणारा गट सरासरीने शहरी ग्राहकापेक्षा गरीब आहे. गरिबाच्या रुपयाला जास्त वजन दिले, तर बंदीची बाजू बळकट होण्याऐवजी बहुधा दुबळीच होते.

हिशोबातून सुटणाऱ्या तीन गोष्टी

१. मधली गळती. आपण धरले की शेतावर भाव ६०० ने उतरला, तर ग्राहकालाही ६०० नेच स्वस्त मिळाला. प्रत्यक्षात तसे होत नाही. रिझर्व्ह बँकेच्या २०२४ मधल्या एका अभ्यासात ग्राहकाने कांद्यावर खर्चलेल्या रुपयातले सुमारे ३६ पैसेच शेतकऱ्यापर्यंत पोहोचतात, असे आढळले. बाकी वाहतूक, हमाली, नासाडी आणि मधल्या नफ्यात जातात. समजा, बाजार समितीत भाव ६०० ने उतरला आणि किरकोळीत ३०० नेच, तर आपल्या नमुन्यातला ग्राहकाचा फायदा निम्म्याहून खाली येतो आणि काही माल पडून राहतो. शेतकऱ्याचा तोटा मात्र पूर्णच राहतो.

२. तोटा कोणत्या शेतकऱ्याचा? ‘शेतकऱ्याने चढ्या भावात कमावले, आता थोडे सोसावे’ असे बोलले जाते. पण २०२३ च्या दिवाळीच्या सुमारास ज्यांना बरा भाव मिळाला, ते चाळीत उन्हाळ कांदा टिकवलेले शेतकरी होते. डिसेंबरची बंदी बसली ती लाल आणि नंतरच्या रांगड्या कांद्यावर. लाल कांदा टिकत नाही. काढला की विकावाच लागतो. भाव पडला म्हणून थांबण्याची सोय नाही. एकाच्या नफ्याची शिक्षा दुसऱ्याला, आणि तीही सर्वांत कमी पर्याय असलेल्याला.

इथे प्रामाणिकपणे एक गोष्ट ध्यानात ठेवा. बंदीनंतर काही आठवड्यांत भाव निम्म्याच्या आसपास आले, पण ती सगळी घसरण बंदीची नव्हती. डिसेंबरमध्ये लाल कांद्याची आवक वाढते आणि भाव एरवीही उतरतात. निर्णयाचा परिणाम मोजायचा तर ‘आधी आणि नंतर’ची तुलना पुरत नाही. ‘निर्णय नसता तर भाव काय असता’ याच्याशी तुलना करावी लागते. मागणी करताना आपला आकडा असा तपासलेला असेल, तर तो खोडता येत नाही.

३. उद्याचा बाजार. २०१९, २०२० आणि २०२३ अशी थोड्या वर्षांत तीनदा बंदी आली. दर वेळी परदेशातला खरेदीदार दुसरीकडे वळतो. बांगलादेश हा आपला मोठा ग्राहक, पण २०१९ च्या बंदीनंतर तिथल्या तत्कालीन पंतप्रधानांनी दिल्लीतच जाहीरपणे नाराजी बोलून दाखवली होती. गेलेला ग्राहक बंदी उठताच परत येत नाही. एप्रिल २०२५ मध्ये शुल्क शून्यावर आले, पण त्या वर्षी उन्हाळ कांद्याचे उत्पादन आदल्या वर्षीच्या १९२ लाख टनांवरून २२७ लाख टनांवर जाण्याचा अंदाज होता. माल जास्त, जुने ग्राहक विखुरलेले. नुसते शुल्क गेल्याने भाव चढले नाहीत, त्यामागे ही दोन्ही कारणे आहेत. आपल्या नमुन्यातल्या ३,००० रुपयांत हे नुकसान धरलेले नाही.

मग सरकारने करायचे काय?

ग्राहकाला दिलासा देऊच नये, असे अर्थशास्त्र म्हणत नाही. तोच दिलासा कमी नुकसानीत देता येतो का, एवढेच ते विचारते. त्याच नमुन्यावर दोन पर्याय पाहू.

पहिला पर्याय, बंदीऐवजी मर्यादित शुल्क. समजा, शुल्कामुळे देशातला भाव २,००० वरून १,७०० वर आला आणि निर्यात १० वरून ५ क्विंटलवर. शेतकऱ्याचा तोटा ३०,००० रुपये. ग्राहकाचा फायदा २७,७५० रुपये. सरकारला शुल्कातून १,५०० रुपये. निखळ नुकसान ७५० रुपये. म्हणजे भावावरचा दाब निम्मा केला, तर निखळ नुकसान निम्मे न होता पाव होते. शिवाय निर्यातदाराचे परदेशी नाते टिकते आणि तिजोरीत आलेला पैसा शेतकऱ्याला परत देता येतो. बंदीत तर तिजोरीलाही काही मिळत नाही. शेतकऱ्याचे ३०,००० मात्र इथेही जातातच, हे विसरू नये.

दुसरा पर्याय, बाजार खुला ठेवून गरजूलाच मदत. देशातल्या ९० पैकी ३० क्विंटल खाणारी कुटुंबे खरोखर गरीब आहेत, असे धरू. त्यांना क्विंटलमागे ६०० रुपयांची सवलत सरकारने दिली, तर खर्च १८,००० रुपये. शेतकऱ्याचा तोटा शून्य. करातून उभारलेल्या पैशालाही किंमत असते आणि लाभार्थी निवडताना चुका होतात, हे खरे. तरीही शेतकऱ्याचे ६०,००० काढून घेण्यापेक्षा हा सौदा बरा. साठ्यातला कांदा सवलतीत विकण्याची सरकारी योजना याच दिशेची आहे. फक्त ती बंदीच्या जोडीला न आणता बंदीच्या जागी आणली पाहिजे, आणि त्यासाठीची खरेदी भाव पडलेल्या काळात, चोख दराने व्हायला हवी.

निर्णय आला की हे पाच प्रश्न विचारा

१. फायदा कोणाला आणि तोटा कोणाला? गट नावानिशी लिहा: उन्हाळवाला, लालवाला, व्यापारी, निर्यातदार, गरीब ग्राहक, बाकी ग्राहक.
२. प्रत्येकाचा आकडा किती? क्विंटल गुणिले भावातला फरक, एवढे तरी मांडा.
३. निर्णय नसता तर भाव काय राहिला असता?
४. भरपाई नुसती शक्य आहे, की जाहीर झाली आहे, की खात्यात आली आहे?
५. हाच दिलासा कमी नुकसानीत देणारा दुसरा मार्ग होता का?

आपल्याकडून काय करावे

भरपाई मिळण्याची वेळ येते तेव्हा पुरावा लागतो. २०२३ च्या साडेतीनशे रुपयांच्या अनुदानात सातबाऱ्यावर कांद्याची नोंद असणे ही अट अनेकांना अडचणीची ठरली. म्हणून:

• हंगामात ई-पीक पाहणी वेळेत पूर्ण करा. लाल, रांगडा आणि उन्हाळ अशा प्रत्येक लागवडीची नोंद तपासून घ्या.
• प्रत्येक विक्रीची हिशोब पट्टी जपून ठेवा. खळ्यावर दिलेल्या मालाचीही पक्की पावती घ्या.
• क्विंटलमागे खर्चाची वही ठेवा: रोप, लागवड मजुरी, खते, औषधे, काढणी, वाहतूक. तुमचा तोटा सिद्ध करणारा आकडा दुसऱ्या कोणाकडे नसतो.
• सगळा कांदा एकाच हंगामात लावू नका. बंदी किंवा शुल्क कधी येईल हे सांगता येत नाही, पण सगळ्या मालाला एकाच वेळी फटका बसणे टाळता येते.
• शेतकरी उत्पादक कंपनीत असाल, तर गटाचा मिळून हिशोब काढा. एका शेतकऱ्याची तक्रार अर्जात राहते. दोनशे जणांच्या पट्ट्यांवरून काढलेला क्विंटलमागचा तोटा लोकप्रतिनिधींना सभागृहात मांडता येतो.

थोडक्यात, निर्यातबंदी पहिल्या दोन्ही कसोट्यांवर टिकत नाही, आणि गरिबीचे वजन दोन्ही बाजूंना नीट लावले तर तिसऱ्यावरही तिचा टिकाव कठीण आहे. पण तिचा खरा दोष त्या तीन हजारांत नाही. एका गटाचे सत्तावन हजार दुसऱ्याला दिले जातात, ते गरजू कोण हे न पाहता दिले जातात, आणि परत देण्याची व्यवस्था कुठेच नसते. ‘देशहित’ या शब्दावर आपला आक्षेप नसावा. त्या देशहिताच्या पावतीवर वर्गणी एकट्या कांदा उत्पादकाच्या नावाने का फाडली जाते, हा आपला प्रश्न असावा, आणि तो आकड्यांसह विचारावा.